आधी ते काजळ पुसून ये

नाटकातल्या दुष्ट माणसांबद्दल प्रश्न पाठवा म्हटलं आणि पत्रांचा ढीग पडला. सज्जनांवर विचारलं होतं तेव्हा चारच आली होती. नव्या वाचकांसाठी एवढंच सांगते, की मी नटी नाही. हौशी रंगभूमीवर २९ वर्षं प्रॉम्प्टर होते, म्हणजे नट वाक्य विसरला की विंगेतून पुरवणारी. प्रॉम्प्टरला नाटक समोरून दिसत नाही. विंगेतल्या स्टुलावरून नटांचे कान दिसतात, आणि पहिल्या रांगेतल्या लोकांचे चेहरे. माझी मतं त्या कोनातून तयार झालेली आहेत, तेव्हा थोडी तिरकी असणारच.

प्रश्न : बाई, आम्हाला अभ्यासाला ‘ऑथेल्लो’ आहे. पाचही अंक वाचले, पण आयागो आपल्या सेनापतीला, ऑथेल्लोला, त्याच्या निरपराध बायकोबद्दल, डेस्डेमोनाबद्दल, भडकवून तिचा खून का करायला लावतो ते शेवटपर्यंत कळलं नाही. सर म्हणाले, चार कारणं लिहा, गुण मिळतील. मला त्यातलं एकही पटलं नाही. शेक्सपिअरला जमलं नाही असं म्हटलं तर चालेल का? (एक विद्यार्थिनी)

उत्तर : पेपरात चार कारणं लिही, गुण पदरात पाडून घे. आता आपण दोघी बोलू.

कारणं आयागो स्वतःच देतो, पण दर वेळी नवं. आधी म्हणतो, नायबाची जागा मला डावलून कॅसिओला दिली. मग म्हणतो, ऑथेल्लोचं माझ्या बायकोशी काहीतरी होतं अशी कुजबुज आहे. खरं की खोटं ठाऊक नाही, पण मी ते खरं धरूनच चालणार. पुढे तोच संशय कॅसिओवर. शेवटच्या अंकात तर म्हणतो, कॅसिओच्या जगण्यात रोजचंच असं काही सौंदर्य आहे की त्याच्यापुढे मी कुरूप दिसतो. इंग्रज कवी कोलरिजने याला हेतू नसलेल्या दुष्टपणाची हेतूंसाठी चाललेली शोधाशोध म्हटलं होतं. ज्याच्याकडे एक खरं कारण असतं तो एकच सांगतो, चार सांगत नाही. उशिरा घरी आलेल्या माणसाचंही असंच असतं.

आता गंमत बघ. ही गोष्ट शेक्सपिअरने चिंथिओ नावाच्या इटालियन लेखकाच्या १५६५ सालच्या कथासंग्रहातून उचलली. त्या कथेत कारण अगदी स्वच्छ आहे: आयागोच्या जागी जो माणूस आहे त्याचं डेस्डेमोनावर मन बसतं, ती लक्ष देत नाही, प्रेमाचा द्वेष होतो. संपलं. शेक्सपिअरच्या हातात हे कारण तयार होतं आणि त्याने ते जवळजवळ पुसून टाकलं. एका ओळीपुरती त्याची खूण राहिली आहे. तेव्हा जमलं नाही असं नको म्हणू. जमलेलं त्याने काढून टाकलं.

ज्या रुमालावरून ऑथेल्लोचा संशय पक्का होतो त्याचंही तेच. चिंथिओच्या कथेत तो माणूस आपली तीन वर्षांची मुलगी डेस्डेमोनाच्या कडेवर देतो, आणि ती मुलीला खेळवत असताना तिच्या कमरेचा रुमाल हळूच ओढून घेतो. अंगावर काटा येतो वाचताना. एवढा प्रसंग हाती असून शेक्सपिअरने तो वापरला नाही. त्याच्या नाटकात ऑथेल्लोचं डोकं दुखतंय, डेस्डेमोना रुमाल बांधायला जाते, तो हात झटकतो, रुमाल पडतो, दोघंही बघत नाहीत. आयागोची बायको एमिलिया उचलते आणि नवऱ्याला नेऊन देते. आयागोला चोरीसुद्धा करावी लागत नाही. डेस्डेमोनाचा चांगुलपणा, कॅसिओची लाज, ऑथेल्लोची घाई हे सगळं ज्याचं त्याने आणून दिलेलं असतं. आयागो फक्त जोडाजोड करतो.

आमच्या ग्रुपने हे नाटक केलं तेव्हा आयागोचं काम करणारा मुलगा पहिल्या रंगीत तालमीला डोळ्यांत काजळ, कपाळावर आडवी रेघ आणि घशातून काढलेला घोगरा आवाज घेऊन आला. दिग्दर्शक खुर्चीतून उठलेही नाहीत. म्हणाले, “आधी ते काजळ पुसून ये. तू वाईट आहेस हे तिसऱ्या रांगेला कळतंय आणि दोन हातांवरच्या ऑथेल्लोला कळत नाही, म्हणजे तो मूर्ख ठरला. मूर्खाची शोकांतिका बघायला कोण येईल?” नाटकात सगळे त्याला प्रामाणिक आयागोच म्हणतात. मग आठवडाभर त्या मुलाला एकच गोष्ट करायला लावली: रंगमंचावर कुणाला काही लागलं की ते आणून द्यायचं. झगा, पत्र, दिवा. इतका कामाचा माणूस!

वय त्याने स्वतःच सांगितलंय, चार साते अठ्ठावीस. आपण मात्र तिथे पन्नाशीचे नट उभे करतो.

त्या नाटकाचे आम्ही सहा प्रयोग केले. तिसऱ्या अंकात कॅसिओ डेस्डेमोनाचा निरोप घेऊन जातो आणि आयागो पुटपुटतो, “हं, हे मला बरं नाही वाटत.” ऑथेल्लो विचारतो, काय म्हणालास? तो म्हणतो, काही नाही. एवढ्यावर पुढचं सगळं उभं आहे. पण माझं लक्ष त्याआधीच, पहिल्या अंकाच्या शेवटी, रांगेकडे गेलेलं असायचं. आयागो एकटा पुढे येऊन आपला बेत आपल्याला सांगतो ना, तेव्हा. सहाही प्रयोगांत मला पुढे झुकलेली माणसं दिसली. एक गृहस्थ तर चक्क मान डोलवत होते, जसं ऑफिसातल्या राजकारणाचं कुणी कानात सांगतं तेव्हा आपण डोलवतो. त्या क्षणी ऑथेल्लोपेक्षा आपल्याला जास्त माहीत असतं. आपण ते त्याला सांगू शकत नाही हा नाटकाचा नियम झाला. पण सांगावंसं वाटतही नाही, ही आयागोची करामत. मला तर यात बोलायलाच जागा नाही. सगळ्यांची सगळी वाक्यं पुढ्यात उघडी ठेवून गप्प बसायचं, हाच माझा धंदा होता.

शेवटी पकडल्यावर तो काय करतो आठव. ऑथेल्लो विचारतो, माझ्या जिवाला असं का जाळ्यात ओढलंस? आयागो म्हणतो, मला काही विचारू नका, जे ठाऊक आहे ते ठाऊक आहे, यापुढे माझ्या तोंडून शब्द निघणार नाही. नाटकात सर्वांत जास्त बोलणारा माणूस आणि नेमका इथे तोंड मिटतो. माझ्या प्रतीत त्या वाक्यापुढे पेन्सिलीने “सुटले!” लिहिलेलं आहे, कारण त्याच्या ओळी ऑथेल्लोपेक्षाही जास्त आणि मुलाचं पाठांतर कच्चं. पण पुढची दहा मिनिटं तो नट तिथेच उभा असतो, गप्प, आणि आता तो आपल्याकडेही बघत नाही. तुझं कारण तो स्वतःबरोबर घेऊन गेला. तुला पटलं नाही, म्हणजे तू नीट वाचलंस.

(मराठीत हे नाटक महादेवशास्त्री कोल्हटकरांनी १८६७ साली आणलं आणि १८९० साली देवलांनी त्याचा ‘झुंझारराव’ केला. मिळाला तर शेजारी ठेवून वाच. मजा येईल.)

प्रश्न : शेक्सपिअरच्या नाटकातला राजा, तिसरा रिचर्ड, मला मनापासून आवडतो. भाऊ, पुतणे, मित्र, कुणाकुणाला मारतो तो, आणि तरी आवडतो. माझ्यात काही बिघाड आहे का? आणि त्याला खरंच कुबड होतं का? (एक निवृत्त बँक कर्मचारी)

उत्तर : असलाच तर तो चारशे वर्षांपासून सगळ्या प्रेक्षकांत आहे. नाटकाचं पहिलं वाक्यच रिचर्डच्या तोंडी आहे आणि ते त्याने एकट्याने, आपल्याला उद्देशून म्हटलेलं आहे. आल्या आल्या जो आपल्याला विश्वासात घेतो त्याच्या बाजूला माणूस सरकतोच. मग तो अ‍ॅनकडे जातो. तिच्या नवऱ्याला यानेच मारलंय, सासऱ्यालाही यानेच. सासऱ्याचं प्रेत समोर आहे, ती याच्यावर थुंकते, आणि प्रवेश संपेपर्यंत तिच्या बोटात याची अंगठी. ती गेल्यावर तो वळून आपल्यालाच विचारतो, अशा वेळी कुणी कधी बाई जिंकली होती का? खेळ जिंकलेलं पोर जसं आईकडे बघतं, तसा.

पुढच्या वेळी एक बघा. मुकुट डोक्यावर आला की आपल्याशी चाललेलं त्याचं बोलणं आटत जातं. लढाईच्या आदल्या रात्री तो पुन्हा एकटा सापडतो, पण तेव्हा स्वतःशीच बोलत असतो आणि तिथे त्याचा तोल गेलेला आहे. आपली गरज संपलेली असते. तोपर्यंत आपल्यालाही तो तितकासा आवडत नसतो. तुम्हाला शेवटपर्यंत आवडला असेल, तर मात्र पुन्हा कळवा.

कुबडाबद्दलही तुम्ही विचारलंय. २०१२ साली लेस्टरमध्ये एका पार्किंगखाली खऱ्या रिचर्डचा सांगाडा सापडला. पाठीचा कणा बाजूला वाकलेला होता, पण नाटकातल्या वाळलेल्या हाताचा पत्ता नाही. बॉसवर्थच्या लढाईत १४८५ साली मेला तेव्हा तो ३२ वर्षांचा होता. ज्यांनी त्याला मारून राज्य घेतलं त्यांच्याच नातीच्या राज्यात शेक्सपिअर लिहीत होता, हे लक्षात ठेवलं की कुबडाची उंची का वाढली ते कळतं. शरीरातलं व्यंग म्हणजे मनातलं पाप, हा जुन्या नाटकांचा सर्वांत आळशी संकेत आहे. मला तो आवडत नाही. एवढ्या हुशार नाटकात तर मुळीच नाही.

प्रश्न : पाश्चात्त्य नाटकांत दुष्टपणाचा जो खोल विचार आहे तो संस्कृत नाटकांत दिसत नाही. ‘मृच्छकटिका’तला शकार तर निव्वळ विदूषक वाटतो. आपलं मत? (एक व्यासंगी वाचक)

उत्तर : आठवा अंक पुन्हा वाचाल का? मी थांबते.

शास्त्रापुरतं बोलायचं तर तुमचं बरोबर आहे. धनंजयाने ‘दशरूपक’ या नाट्यशास्त्राच्या ग्रंथात प्रतिनायकाला, म्हणजे नायकाच्या शत्रूला, एका ओळीत उरकलंय: लोभी, उद्धट, ताठर, पापी, व्यसनी. पण नाटककार शास्त्राच्या पुढे गेला की काय होतं, त्याचा शकार हा पुरावा आहे.

तो राजाचा मेहुणा. ‘स’ला ‘श’ म्हणतो, म्हणून शकार. पहिल्या अंकात गणिका वसंतसेनेच्या मागे धावताना म्हणतो, रावणाच्या तावडीत कुंती सापडावी तशी तू सापडलीस. मग म्हणतो, हनुमंताने सुभद्रेला पळवलं तशी तुला पळवतो. प्रेक्षक लोटपोट. देवलांच्या संगीत ‘मृच्छकटिका’मुळे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या हा माणूस हसण्यावारीच गेला.

आठव्या अंकात चुकीच्या गाडीत बसलेली वसंतसेना नेमकी त्याच्याच बागेत येऊन उतरते. ती नकार देते. शकार आपल्या सोबत्याला, विटाला सांगतो, मार हिला. विट म्हणतो, या निरपराध बाईला मारलं तर परलोकाची नदी कुठल्या नावेने ओलांडू? शकार म्हणतो, नाव मी देतो की! विट म्हणतो, दाही दिशा बघताहेत, सूर्य बघतोय. शकार म्हणतो, मग अंगावरच्या वस्त्राने झाकून मार.

इथे प्रेक्षागृहात काय होतं सांगते. नावेच्या वाक्याला हशा येतो, मोठा. वस्त्राच्या वाक्याला तो सुरू होतो आणि मध्येच तुटतो. मी हे विंगेतून पाहिलंय; लोकांचं तोंड उघडं राहतं आणि आवाज येत नाही. दोन्ही विनोद एकाच साच्याचे आहेत, पण दुसऱ्याच्या वेळी लक्षात येतं की हा विनोद करत नाहीये. परलोक म्हणजे याला खरंच एक नदी वाटते आणि पाप म्हणजे कुणी बघितलं तर होणारी अडचण. पहिल्या अंकापासून ज्या अडाणीपणाला आपण हसलो, तोच आता गळ्यापर्यंत पोचलाय.

मग तो आपल्या गाडीवानाला सोन्याच्या कड्यांची लालूच दाखवतो. तो दास म्हणतो, धनी, तुमची सत्ता माझ्या शरीरावर, चारित्र्यावर नाही. मार खातो, पण हात लावत नाही. शेवटी शकार दोघांना दूर पाठवतो, आणि विट लांबून बघत असेल म्हणून फुलं वेचायचं नाटक करतो, प्रियकरासारखं! मग गळा दाबतो. तिच्या तोंडी शेवटपर्यंत तिच्या प्रियकराचं, चारुदत्ताचं नाव. ती गतप्राण झाली असं समजून तो वर वाळका पाचोळा लोटतो, आणि पुढच्या अंकात न्यायालयात जाऊन खुनाचा आळ चारुदत्तावर घालतो. (ती मेलेली नसते. एक भिक्षू ओलं वस्त्र वाळत घालायला त्याच पाचोळ्याशी येतो आणि पानांतून हात हलतो.)

दुष्ट माणूस हुशारच असतो, त्याच्या डोक्यात काहीतरी खोल शिजत असतं, ही समजूत आयागोने आपल्याला लावली. ‘मृच्छकटिक’ लिहिणाऱ्या शूद्रकाला दुसरंच ठाऊक होतं. डोकं रिकामं, बहीण राजाकडे, आणि “नाही” हा शब्द कधी ऐकलेला नाही; एवढं भांडवल पुरतं. मला विचाराल तर आयागो रोज भेटत नाही. शकार भेटतो.

प्रश्न : मॅक्बेथ नायक की खलनायक? (पोस्टकार्डावर, नाव नाही)

उत्तर : राजा डंकनचा खून करेपर्यंत नायक, आणि तो खून आपल्याला दाखवलेला नाही. दिसतात ते परत आलेले हात. त्याचा शत्रू मॅक्डफ, त्याच्या पोराला मात्र आपल्या डोळ्यांदेखत मारतात, आणि ते मारणारे भाडोत्री. मॅक्बेथ तिथे हजरही नाही. दोन मृत्यूंमधलं हे अंतर मोजा, उत्तर त्यातच आहे. पोस्टकार्डात याहून जास्त मावत नाही.

प्रश्न : आपल्या मराठी नाटकांत मात्र खलनायक एकसुरी. मिशीवर ताव, “हा हा हा” हसणं आणि शेवटी पश्चात्ताप. खरं ना? (एक नाट्यप्रेमी)

उत्तर : अर्धं खरं. पश्चात्तापाची घाई आपल्याकडे फार. पण ‘एकच प्याला’तला तळीराम बघा. वकिलीच्या सनदेच्या प्रकरणात अपमान झालेला सुधाकर तळमळतोय आणि तळीराम त्याला पहिला प्याला देतो, औषध द्यावं तसा. तळीरामाला सुधाकरचं वाटोळं व्हावं असं कधीच वाटत नाही. त्याला सोबत हवी असते. ‘आर्य मदिरा मंडळा’च्या गमतींना आपण हसतो, आणि त्याच हसण्याच्या पाठीमागे सुधाकरच्या बायकोचं, सिंधूचं घर रिकामं होत जातं. गडकऱ्यांनी खलनायकाचं काम दोस्ताकडे दिलं, हे मला त्यांच्या भाषेच्या फुलबाज्यांहून मोठं वाटतं. तळीराम करणारे नट टाळ्या घेऊन जातात आणि त्यात त्यांची चूक नाही.

आणि तेंडुलकरांचा १९७२ चा ‘घाशीराम कोतवाल’ विसरलात? तिथे बारा जणांची रांग गात-नाचत उभी असते. कधी ती भिंत, कधी पडदा, कधी पुण्याचे ब्राह्मण. नाना फडणवीस त्या रांगेआड जातो, येतो. स्वतःच्या हाताने तो काहीच करत नाही. घाशीरामची मुलगी घेतो, त्याला कोतवाली देतो. काम झाल्यावर कोतवाल लोकांना देऊन टाकतो. सगळा राग घाशीरामवर निघतो आणि नाना नाचत बाहेर. पश्चात्ताप कुणालाच नाही, रांगेला तर नाहीच.

‘कीचकवधा’चं उदाहरण उलटं. खाडिलकरांचा कीचक १९०७ साली रंगमंचावर आला आणि प्रेक्षकांनी त्याच्यात व्हाइसरॉय कर्झन ओळखला. सरकारनेही ओळखला, १९१० साली बंदी घातली. इतका पटलेला खलनायक एकसुरी कसा म्हणायचा?

मिशीबद्दल मात्र तुमच्याशी सहमत.

प्रश्न : माझ्या १२ वर्षांच्या मुलाला शाळेच्या नाटकात दुर्योधनाचं काम मिळालंय. घरात वाद चालू आहे. आजी म्हणते, असली कामं करून मुलाच्या मनावर परिणाम होतो. तो स्वतः रडतोय कारण त्याला अर्जुन हवा होता. काय करावं? (एक वडील)

उत्तर : करू द्या. आजींना माझा नमस्कार सांगा आणि त्यांना भासाचं संस्कृत नाटक ‘ऊरुभंग’ मराठीतून वाचून दाखवा, छोटंसंच आहे. संस्कृत नाटकात मृत्यू रंगमंचावर दाखवू नये असा दंडक, पण भास दुर्योधनाला तिथेच, सगळ्यांसमोर मरू देतो. मांड्या फुटलेल्या, सरपटत आलेला. त्याचा लहान मुलगा दुर्जय रणांगणावर शोधत शोधत येतो आणि नेहमीसारखा मांडीवर बसायला जातो. दुर्योधन त्याला अडवतो. म्हणतो, बाळ, तुझ्या सवयीची ही जागा आजपासून नाही, दुसरीकडे कुठेही बस. पोराला कळत नाही बाबा असं का म्हणताहेत. पुढे त्याच मुलाला तो सांगतो, माझी करायचास तशी पांडवांची सेवा कर.

द्यूतात द्रौपदीला मांडी दाखवणारा हाच. भासाला ते ठाऊक आहे, प्रेक्षकांनाही; म्हणूनच तो या प्रवेशात त्याबद्दल बोलत नाही आणि पोराला नेमकं मांडीकडेच पाठवतो.

शाळेच्या नाटकात एवढं नसेल, तरी घरी एकदा दोघांनी हा प्रवेश करून बघा. दुर्योधन तुम्ही व्हा, त्याला दुर्जय करा. मग त्याला विचारा, अजून अर्जुन हवा आहे का. हवा असेल तर त्याच्या बाईंशी बोला, त्यातही काही वावगं नाही.

आणि दुर्योधनच ठरला, तर त्याला ती जाड काळी मिशी लावू देऊ नका. बारा वर्षांच्या ओठावर ती टिकत नाही. दुसऱ्या अंकात हमखास सुटते आणि सुटलेली मिशी हातात धरून वाक्य विसरलेल्या मुलाला विंगेतून कितीही प्रॉम्प्ट केलं तरी ऐकू जात नाही.